ध्वनिठशांची लायब्ररी आणि तिच्या फाइली : प्रकल्प नोंदी

५ फेब्रुवारी

संग्रहातील ध्वनिफाइलींपैकी कोणत्या फाइली एकाच मूळ ध्वनिमुद्रणाच्या प्रती आहेत, हे ओळखण्याचे काम आजपासून हाती घेतले आहे. फाइलच्या बाइट्सवरून काढलेला चेकसम, म्हणजे फाइलची ओळख पटवणारा आकडा, या कामाला उपयोगी पडत नाही. तेच मुद्रण एकदा एमपीथ्री आणि एकदा फ्लॅक स्वरूपात साठवले, तर कानाला दोन्ही एकच वाटतात, पण चेकसमच्या दृष्टीने त्यांचा एकमेकींशी काहीही संबंध उरत नाही. फाइलच्या नावांवर आणि टॅगांवर विसंबणे त्याहून धोक्याचे आहे, कारण ती माणसांनी घाईत भरलेली असतात. म्हणून आवाजातूनच काढलेला, दाबणीच्या स्वरूपाने आणि आवाजाच्या पातळीने फारसा न बदलणारा ठसा आम्हाला हवा आहे.

पर्याय पाहून क्रोमाप्रिंट ही लायब्ररी, म्हणजे इतर प्रोग्रामांना वापरता येणारा तयार कोड, निश्चित केली. लुकाश लालिन्स्की यांनी २०१० मध्ये सुरू केलेल्या, ठशांवरून संगीत ओळखणाऱ्या अ‍ॅकूस्टआयडी प्रकल्पाचा ती पाया आहे, आणि म्युझिकब्रेन्झचे पिकार्ड हे टॅग लावण्याचे साधनही तिच्यावरच चालते. आमची गरज पूर्ण फाइलची पूर्ण फाइलशी तुलना करण्याची आहे, आणि ही लायब्ररी नेमकी त्याच कामासाठी घडवलेली आहे.

७ फेब्रुवारी

आजचा दिवस केवळ फाइल शोधण्यात गेला, तरी तो वाया गेला असे मी म्हणणार नाही. आमचा प्रोग्राम एका यंत्रावर सुरू होईना. ‘लिबक्रोमाप्रिंट डॉट एसओ डॉट १’ ही सामायिक फाइल उघडता येत नाही, असा संदेश येत होता. फाइल तर डिरेक्टरीत डोळ्यांसमोर दिसत होती. नीट पाहिल्यावर कळले की दिसत होती ती ‘लिबक्रोमाप्रिंट डॉट एसओ’, म्हणजे पुढे अंक नसलेले नाव.

लिनक्सवर या एका लायब्ररीची सहसा तीन नावे असतात. अंक नसलेले नाव प्रोग्राम बांधताना लिंकर वापरतो, एक अंक असलेले नाव प्रोग्राम सुरू होताना लोडर शोधतो, आणि पूर्ण आवृत्तीक्रमांक असलेले, उदाहरणार्थ १.५.१ ने संपणारे नाव खऱ्या फाइलचे असते. पहिली दोन त्या खऱ्या फाइलकडे बोट दाखवणारे दुवे असतात. ज्या कोणी ती डिरेक्टरी भरली होती, त्याने एकाच दुव्यातून खरी फाइल उचलून अंक नसलेल्या नावाने ठेवली होती, त्यामुळे बांधणी सुरळीत होत होती आणि चालवणे अडत होते.

दुसऱ्या, विंडोज असलेल्या यंत्रावर माझ्या सहकाऱ्याला याहून वाईट प्रकार आढळला. तेथे हरवलेली डीएलएल (विंडोजवरची सामायिक लायब्ररी फाइल) कोणीतरी इंटरनेटवरून सुटी उतरवून ठेवली होती. ती ३२ बिटांची होती आणि आमचा प्रोग्राम ६४ बिटांचा, म्हणून तो तिला हातही लावत नव्हता, आणि एका अर्थाने तेच बरे झाले. कोणी बांधली, कोणत्या पर्यायांनी बांधली आणि तिच्यात आणखी काय भरले आहे, हे ज्या फाइलबद्दल सांगता येत नाही, ती फाइल मोजमापाच्या कामात ठेवू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. ती काढून टाकली. यापुढे लायब्ररी एकतर कार्यप्रणालीच्या अधिकृत पॅकेजमधून घ्यायची किंवा मूळ कोडवरून स्वतः बांधायची, असे आम्ही ठरवले.

८ फेब्रुवारी

मूळ कोडवरून बांधणी केली. सीमेक हे बांधणीचे साधन वापरताना एकच निर्णय विचारपूर्वक घ्यावा लागतो, तो म्हणजे एफएफटी, म्हणजे आवाजातल्या वारंवारता वेगळ्या काढणारे गणित, कोणाकडून करून घ्यायची. एफएफएमपेग (ध्वनी आणि व्हिडिओ हाताळणाऱ्या लायब्ररींचा संच), एफएफटीडब्ल्यू, किसएफएफटी आणि मॅकवर अ‍ॅपलची स्वतःची लायब्ररी, असे पर्याय आहेत. एफएफटीडब्ल्यू जीपीएल परवान्याखाली येते आणि तिच्याशी जोडलेली लायब्ररी वाटायची झाल्यास त्याच परवान्याच्या अटी लागू होतात, म्हणून ती घेतली नाही. क्रोमाप्रिंटचा स्वतःचा कोड एमआयटी परवान्याखाली आहे, पण त्यात एफएफएमपेगचा काही एलजीपीएल कोड समाविष्ट असल्याने संपूर्ण लायब्ररी एलजीपीएल २.१ खाली धरावी लागते. किसएफएफटी निवडली. तिला बाहेरच्या कोणत्याही फाइलची गरज पडत नाही.

येथे एक गंमतीशीर गुंता दिसला. काही लिनक्स वितरणांत एफएफएमपेगचा लिबएव्हीफॉरमॅट हा भाग क्रोमाप्रिंटवर अवलंबून असतो, कारण ठसा काढण्याची सोय त्यालाही पुरवायची असते, आणि क्रोमाप्रिंट मात्र एफएफटीसाठी लिबएव्हीकोडेकवर अवलंबून असते. म्हणजे ज्याने ठशांचे नावही ऐकलेले नाही, अशा साध्या व्हिडिओ प्लेअरसोबतही ही फाइल यंत्रावर येऊन बसते. ‘एलडीडी’ने अवलंबित्वांची यादी काढून पाहिली नसती, तर आमचा प्रोग्राम आम्ही बांधलेली फाइल उचलतो आहे की यंत्रावर आधीच असलेली, हे आम्हाला कळले नसते.

११ फेब्रुवारी

लायब्ररी आतून काय करते हे समजल्याशिवाय तिच्या आकड्यांवर विश्वास ठेवायचा नाही, असे ठरवून आज कोड वाचला. येथे लिहून ठेवतो, कारण पुढच्या चुका याच पायऱ्यांवर शोधाव्या लागणार आहेत.

सर्व चॅनल एकत्र करून त्यांची सरासरी घेतली जाते आणि आवाज सेकंदाला ११०२५ नमुन्यांवर (म्हणजे मोजलेल्या पातळ्यांवर) आणला जातो. मग ४०९६ नमुन्यांची, म्हणजे सुमारे ०.३७ सेकंदाची चौकट घेतली जाते आणि ती दर वेळी १३६५ नमुन्यांनी पुढे सरकते, त्यामुळे सेकंदाला साधारण आठ चौकटी मिळतात. प्रत्येक चौकटीच्या वर्णपटातील २८ ते ३५२० हर्ट्झ या पट्ट्यातली ऊर्जा बारा खणांत वाटली जाते. कोणत्याही सप्तकातला षड्ज एकाच खणात, कोणत्याही सप्तकातला पंचम एकाच खणात, अशी ही वाटणी आहे; सप्तक विसरायचे आणि स्वर तेवढा लक्षात ठेवायचा. लागोपाठच्या पाच चौकटी ०.२५, ०.७५, १, ०.७५ आणि ०.२५ या भारांनी मिसळून त्या थोड्या गुळगुळीत केल्या जातात.

यातून बारा खण रुंद आणि काळाबरोबर लांबत जाणारे एक चित्र तयार होते. त्या चित्रावरून सोळा ओळींची (एका चौकटीची एक ओळ) एक खिडकी सरकत जाते आणि प्रत्येक जागी सोळा गाळण्या लावल्या जातात. एखादी गाळणी खिडकीच्या एका भागातली ऊर्जा दुसऱ्या भागातल्या ऊर्जेशी ताडून पाहते. ही कल्पना मुळात चेहरे ओळखणाऱ्या संगणकदृष्टीच्या तंत्रातून आली, आणि यान के, डेरेक होइम व राहुल सुकथनकर यांनी २००५ मध्ये ती संगीत ओळखण्यासाठी वापरून दाखवली. आवाजाकडे चित्र म्हणून पाहण्याची ही दृष्टी मला या सगळ्या विषयातली सर्वांत सुंदर गोष्ट वाटते.

प्रत्येक गाळणीचे उत्तर चार पातळ्यांपैकी एका पातळीत बसवले जाते आणि दोन बिटांत लिहिले जाते. सोळा गाळण्या गुणिले दोन बिट, मिळून ३२ बिटांचा एक पूर्णांक. पातळ्या लिहिताना साधे द्विमान अंक न वापरता ग्रे संकेत वापरला आहे, आणि त्यामागचा विचार बारकाईने पाहण्याजोगा आहे. साध्या पद्धतीत पातळी १ म्हणजे ०१ आणि पातळी २ म्हणजे १०. म्हणजे उत्तर उंबरठ्यावर जरासे हलले की दोन्ही बिट बदलतात. ग्रे संकेतात चार पातळ्या ००, ०१, ११, १० अशा लिहिल्या जातात आणि शेजारच्या पातळ्यांमध्ये एकाच बिटाचा फरक राहतो. एमपीथ्रीच्या दाबणीने आवाजात जे किरकोळ बदल होतात, ते उत्तराला बहुधा शेजारच्याच पातळीत ढकलतात, आणि म्हणून त्यांची किंमत एका बिटापुरती मर्यादित राहते.

१२ फेब्रुवारी

आमच्या प्रोग्रामने पहिल्या तुकडीचे ठसे काढले. स्टिरिओ एमपीथ्री आणि स्टिरिओ फ्लॅक प्रती एकमेकींशी नीट जुळल्या. त्याच मुद्रणांच्या एकचॅनली प्रती मात्र कोणाशीच जुळत नाहीत. कारण अजून समजलेले नाही.

१४ फेब्रुवारी

कारण सापडले. चूक लायब्ररीची नव्हती, आमची होती.

क्रोमाप्रिंटला काम सुरू करताना दोन गोष्टी सांगाव्या लागतात, सेकंदाला नमुने किती आणि चॅनल किती. आमच्या जोडकोडात चॅनलच्या जागी प्रत्येक फाइलसाठी १ हाच आकडा जात होता. स्टिरिओ फाइलीत डाव्या आणि उजव्या चॅनलचे नमुने एकाआड एक येतात. लायब्ररीला एकच चॅनल आहे असे सांगितले, की ती या सर्वांना एकाच ओळीतले नमुने समजते. डावा आणि उजवा जवळपास सारखे असतील, तर याचा परिणाम प्रत्येक नमुना दोनदा वाजवल्यासारखा होतो. म्हणजे तेच मुद्रण निम्म्या वेगाने, दुप्पट लांबीचे आणि बरोबर एक सप्तक खाली.

आता ११ तारखेची नोंद आठवावी. ही लायब्ररी सप्तक विसरते. एक सप्तक खाली गेलेला स्वर त्याच खणात पडतो. म्हणूनच मी बारा खणांचे चित्र पडद्यावर काढून पाहिले, तेव्हा योग्य खणच उजळलेले दिसले आणि मला सर्व काही ठीक वाटले. चित्र लांबीला दुप्पट झाले होते, तिकडे माझे लक्ष गेले नाही. शिवाय सर्व स्टिरिओ फाइली सारख्याच रीतीने बिघडत असल्याने त्या आपापसांत उत्तम जुळत होत्या. तपासणीसाठी आम्ही फक्त स्टिरिओ जोड्या घेतल्या असत्या, तर ही चूक शेवटपर्यंत लपून राहिली असती आणि आमचे ठसे बाहेरच्या कोणत्याही ठशांशी कधीच जुळले नसते.

उलगडा झाला तो संख्यांनी. तीस सेकंदांच्या तुकड्यातून सुमारे २२० पूर्णांक यायला हवेत. एकचॅनली प्रतीतून तेवढे येत होते आणि स्टिरिओ प्रतीतून सुमारे ४६०. माझ्या सहकाऱ्याने दोन्ही आकडे शेजारी लिहिले आणि म्हटले, “हे दुपटीच्या आसपास आहे, आणि दुप्पट आपोआप होत नाही.” तेथून दहा मिनिटांत आम्ही त्या ओळीपर्यंत पोहोचलो.

त्याच जोडकोडात आणखी एक फसवी जागा आहे. नमुने पुरवताना त्यांची जी संख्या सांगायची, ती सर्व चॅनलचे नमुने मिळून सांगायची असते. दर चॅनलमागची नव्हे आणि बाइट्समधलीही नव्हे. दर चॅनलमागची सांगितली तर स्टिरिओ फाइलचा निम्माच आवाज मोजला जातो. बाइट्समधली सांगितली तर लायब्ररी बफरच्या पलीकडची स्मृती वाचू लागते. आमची ही ओळ बरोबर होती, तरी तिच्यावर चाचणी लिहून ठेवली.

१५ फेब्रुवारी

चूक दुरुस्त केली, पहिली तुकडी पुन्हा काढली. एकचॅनली प्रती आता आपापल्या स्टिरिओ प्रतींशी जुळतात. लायब्ररीसोबत मिळणाऱ्या एफपीकॅल्क या साधनाने काढलेला ठसा आणि आमच्या प्रोग्रामचा ठसा एकच यायला हवा, अशी कायमची चाचणी जोडली. दोन्हींना डीकोड केलेली, म्हणजे दाबणीतून सोडवलेली, तीच वेव्ह फाइल द्यायची, म्हणजे डीकोडरच्या फरकाचा प्रश्नच येणार नाही.

१९ फेब्रुवारी

तुलनेचे काम. दोन ठसे शेजारी ठेवायचे, एकेका जोडीचा एक्सऑर (वेगळे बिट दाखवणारी क्रिया) घ्यायचा आणि किती बिट वेगळे आले ते मोजायचे. परस्परांशी संबंध नसलेल्या मुद्रणांत ३२ पैकी निम्म्याच्या आसपास बिट वेगळे येतात आणि एकाच मुद्रणाच्या प्रतींत त्याहून पुष्कळ कमी. एका प्रतीच्या सुरुवातीला शांतता जास्त असेल, तर पूर्णांक सरकलेले असतात, म्हणून एक ठसा दुसऱ्यावरून मागेपुढे सरकवून सर्वांत कमी फरकाची जागा शोधावी लागते. किती फरकापर्यंत ‘एकच’ म्हणायचे हा उंबरठा आम्ही आमच्याच संग्रहातल्या, ऐकून खात्री केलेल्या जोड्यांवरून ठरवत आहोत. याप हाइत्स्मा आणि टोन काल्कर यांनी २००२ मध्ये मांडलेल्या पद्धतीत ०.३५ हा बिटफरकाचा उंबरठा आहे आणि तो पुष्कळ ठिकाणी उचललेला दिसतो. पण तो दर ११.६ मिलिसेकंदांनी ३२ बिट काढणाऱ्या, ३०० ते २००० हर्ट्झमधले ३३ पट्टे ताडणाऱ्या वेगळ्या ठशासाठी आहे. तो आकडा येथे जसाच्या तसा आणणे मला मान्य नाही.

शांततेचा प्रश्न वेगळा आहे. निव्वळ शांततेवर क्रोमाप्रिंट दर वेळी ६२७९६४२७९ हाच पूर्णांक देते. दोन अनोळखी फाइलींत लांब शांतता असली, की तेवढा भाग शंभर टक्के जुळतो आणि खोटी जुळणी दिसते, म्हणून हा पूर्णांक तुलनेतून वगळला.

वगळल्यावर एका फाइलीत काहीच उरले नाही. फाइल उघडून ऐकली, तर आवाज स्वच्छ येत होता. पाहता पाहता लक्षात आले की ती एकचॅनली मुद्रणाची दोन चॅनलांत ठेवलेली प्रत आहे आणि संपादन करताना केव्हातरी एका चॅनलची ध्रुवता उलटली गेली आहे. डाव्या चॅनलमधल्या प्रत्येक नमुन्याला उजव्या चॅनलमध्ये त्याचाच ऋण नमुना. दोन स्पीकरमधून ते ऐकू येते, पण सरासरी घेतली की शून्य उरते, आणि लायब्ररीच्या लेखी ती फाइल संपूर्ण शांत होती. यासाठी आता आधीच तपासणी ठेवली आहे. एकत्र केलेल्या चॅनलची ऊर्जा सुट्या चॅनलच्या मानाने अगदीच कमी निघाली, तर फक्त डावा चॅनल घ्यायचा आणि नोंदीत तसे लिहायचे.

२३ फेब्रुवारी

खोलीत वाजणारे संगीत मायक्रोफोनने टिपून ओळखता येईल का, अशी विचारणा झाली. या लायब्ररीने नाही. तिचा प्रत्येक पूर्णांक सुमारे दोन सेकंदांचे चित्र पाहून ठरतो, आणि त्या चित्रात बोलण्याचा आवाज, खोलीचा घुमारा मिसळला की बारा खणांतली ऊर्जाच बदलते. त्या कामासाठी गाणे ऐकून ओळखणाऱ्या शझॅमची वाट योग्य आहे. ही सेवा २००२ मध्ये ब्रिटनमध्ये २५८० हा क्रमांक फिरवून वापरता येऊ लागली, आणि तिची रीत अ‍ॅव्हरी वांग यांनी २००३ मध्ये प्रसिद्ध केली. वर्णपटातली फक्त ठळक शिखरे घ्यायची, प्रत्येक शिखराची त्याच्या पुढच्या काही शिखरांशी जोडी लावायची, आणि दोन वारंवारता व त्यांच्यातले कालांतर मिळून एक खूण बनवायची. गोंगाटाने काही शिखरे बुडतात, पण उरलेल्या खुणा जर एकाच कालफरकाने रांगेत लागल्या, तर ओळख पक्की होते. एकट्या शिखराच्या दहा बिटांऐवजी जोडीचे तीस बिट झाल्याने एकेक खूण सुमारे दहा लाख पटींनी नेमकी होते, आणि साठवण वाढूनही शोध झपाट्याने लागतो.

वेग बदललेल्या टेपपुढे मात्र दोन्ही रीती अडखळतात. वेग सुमारे सहा टक्क्यांनी वाढला, तर सगळे स्वर अर्ध्या स्वराने चढतात आणि आमच्या बारा खणांचे चित्र एका खणाने सरकते. त्याहून त्रासदायक तीन टक्के, कारण तेव्हा स्वर दोन खणांच्या मधोमध पडतो. अशा फाइली सध्या वेगळ्या काढून ठेवत आहोत. त्यांच्यासाठी २०१४ मध्ये मांडलेली पानाको ही प्रणाली पुढे पाहायची आहे, कारण वेग आणि पट्टी बदलली तरी टिकणारे ठसे काढणे हाच तिचा हेतू आहे.

२७ फेब्रुवारी

संग्रहाच्या जुन्या ठशांची यादी मिळाली. ती तीन वेगवेगळ्या यंत्रांवर, वेगवेगळ्या वेळी काढलेली होती आणि कोणत्या पर्यायांनी काढली याची नोंद कुठेही नव्हती. पुष्कळ ठसे आमच्या ठशांशी थेट जुळेनात. सगळे पुन्हा काढायची तयारी सुरू केली होती, पण त्याआधी ठशांची अक्षरे वाचून पाहिली आणि ते सार्थकी लागले.

दाबलेल्या ठशाच्या पहिल्या बाइटमध्ये अल्गोरिदमचा क्रमांक असतो आणि पुढच्या तीन बाइट्समध्ये पूर्णांकांची संख्या. आमचे बहुतेक ठसे रोमन ए, क्यू, ए, डी, मग लहान टी आणि मोठा ई या अक्षरांनी सुरू होतात. बेस६४ (बाइट्स अक्षरांत लिहिण्याची रीत) उलगडले की त्यातून सोळामानात ०१, ००, ०३, बी४ असे चार बाइट निघतात. पहिला १ म्हणजे नेहमीचा दुसरा अल्गोरिदम, कारण मोजणी शून्यापासून आहे. उरलेले तीन मिळून ९४८, आणि एफपीकॅल्क स्वतःहून पहिली १२० सेकंदेच मोजते, त्या १२० सेकंदांचे पूर्णांक बरोबर ९४८ होतात.

या नजरेने जुनी यादी पाहिली, तेव्हा ती तीन गटांत आपोआप विभागली गेली. एका गटाची सुरुवात आमच्यासारखीच होती. दुसऱ्यात संख्या ९४८ पेक्षा खूप मोठ्या होत्या, म्हणजे कोणीतरी कालमर्यादा काढून पूर्ण फाइली मोजल्या होत्या; त्यांचे पहिले ९४८ पूर्णांक ठेवून बाकीचे तुलनेतून गाळले की काम भागते. तिसऱ्या गटाचा पहिला बाइट ३ होता. हा सुरुवातीची शांतता काढून टाकणारा अल्गोरिदम आहे. गाळण्या त्याच असल्याने पूर्णांकही जवळपास तेच येतात, फक्त सरकलेले. सरकवून तुलना करण्याचा १९ तारखेचा कोड त्यांना लावला आणि ते जुळले.

आजपासून प्रत्येक ठशासोबत पाच गोष्टी साठवायच्या: लायब्ररीची आवृत्ती, जी तिला स्वतःलाच विचारता येते, त्या लायब्ररी फाइलचा चेकसम, अल्गोरिदमचा क्रमांक, मोजलेली सेकंदे, आणि डीकोडरचे नाव व आवृत्ती. आधीच्या तुकड्यांसाठी ही माहिती मागे जाऊन भरणे चालू आहे. डीकोडरचा रकाना जुन्या यादीसाठी रिकामाच राहणार आहे, कारण ती माहिती ठशाच्या अक्षरांत नसते आणि ती दुसरीकडून मिळवण्याचा मार्ग आमच्याकडे नाही.

२८ फेब्रुवारी

तिन्ही गट एकाच कोष्टकात आणले. ध्रुवतेची तपासणी संपूर्ण संग्रहावर रात्रभर चालवायला लावली आहे. तिच्यात सापडणाऱ्या फाइलींचे ठसे उद्या पुन्हा काढायचे आहेत.